वच्छलाकाकूची राखण

वच्छलाकाकू कुठंही जाताना आपली खुर्ची आपण घेऊन जायची. लाल प्लास्टिकची, एक हात मोडलेली. ती डोक्यावर पालथी घेऊन, चारही पाय आभाळाकडे करून काकू गावातून निघाली की आम्ही समजायचो, आज कोणाची तरी खैर नाही. ग्रामसभेत, राशनच्या दुकानापुढे, कापूस वेचायला बाया लावल्या की शेताच्या बांधावर, म्हणजे धुऱ्यावर, जाईल तिथे खुर्ची मांडायची, गुडघे धरून बसायची आणि बसता बसता म्हणायची, "थकली मी बाप्पा." एवढं म्हटलं की दोन तास भांडायला मोकळी.

नवरा लवकर गेला. कपाशी, तूर, दोन बैल आणि एक मुलगा हे सगळं तिनं एकटीनं सांभाळलं. त्यामुळे देवानं माणसाला दोनच डोळे दिले ही मोठी चूक झाली, असं तिचं पक्कं मत. नजर हटली की मजूर चोरतो, दुकानदार चोरतो, पाऊससुद्धा आपल्या वावरावरून चोरून दुसऱ्याच्या वावरात पडतो. "पाह्यत राहा लागते," म्हणायची. लिहिता-वाचता येत नव्हतं, तरी शाळेच्या समितीची अध्यक्ष तीच. तिच्यासमोर उभं राहायची कोणाची छाती नव्हती.

मी सध्या गुजरातेत एका टाइल्सच्या कारखान्याची बस चालवतो. परवा बहिणीचा फोन आला. कामाच्या वेळी घरून फोन आला की माझा पाय आधी ब्रेकवर जातो, इतका मी भित्रा. पण तसं वाईट काही नव्हतं. बोलता बोलता ती म्हणाली, "वच्छलाकाकू आता खाटेवरच असते. कोणासंग भांडत नाई." ते ऐकून मला वाईट बातमी ऐकल्यासारखंच झालं. मी नववीतून शाळा सोडलेला माणूस, लिहायची सवय नाही. तरी हे लिहून ठेवतो. ही बस माझ्या हातात आली ती काकूमुळे, आणि त्याआधी माझ्या हातातली गाडी गेली तीही तिच्यामुळेच.

आमच्या गावाच्या वर, टेकडीवर, कोलाम आदिवासींचं पोड आहे. वीसेक घरं. तिथे एका खोलीची शाळा होती. पोरं कमी म्हणून ती बंद झाली आणि कागद आला, की पोडावरच्या अकरा पोरांनी आता खाली गावच्या शाळेत बसायचं. गाव तापलं. पोडावरची माणसं आम्हाला काही नवी नव्हती. त्यांनी विणलेल्या बांबूच्या तट्ट्यांवर आमचे गोठे उभे, आमच्या कपाशीत निंदायला तेच यायचे. पण यायचे, काम करायचे आणि अंगणातूनच परत जायचे. आता त्यांची पोरं आमच्या पोरांच्या मांडीला मांडी लावून बसणार, एका माठातलं पाणी पिणार, एका पंगतीत खिचडी खाणार, हे गावाला झेपेना.

पहिल्या दिवशी काकूनं शाळेच्या फाटकात आडवी खुर्ची टाकली. टेकडीवरून अकरा पोरं ओळीनं उतरली. पुढे जंगूबाबा टेकाम. हा पोडाचा म्हातारा नाईक आणि हाडं बसवणारा. गावात बैल लंगडला की सगळ्यांना हाच आठवायचा.

"जंग्या, पोट्टे वापस ने," काकू म्हणाली. "आमच्या लेकराईत हे नाई बसत."

"काहून, मालकीणबाई?"

"काहून म्हंजे? आंग धुत नाईत, डोस्क्यात उवा. चोऱ्या शिकवतीन आमच्याले."

 जंगूबाबा आवाज न चढवता म्हणाला, "परसाली तुमच्या बैलाचा पाय म्या बसवला. तीन दिवस तुमच्या गोठ्यात होतो. बैलाले चाललो, लेकराईले नाई चालत?"

मागे उभी असलेली माणसं फिसकन हसली. काकूच्या तोंडावर कोणी असं बोललेलं मी तरी पहिल्यांदा पाहत होतो. तेवढ्यात गुरुजी कागद घेऊन आले. "अध्यक्षबाई, पोरं अडवली तर माझी नोकरी आणि तुमचं पद, दोन्ही जातील." काकू उठली. खुर्ची उचलली आणि फाटकाच्या डाव्या बाजूला कडुनिंबाखाली मांडली.

"बसू द्या त्याईले आत. मी बसन इथं. रोज. पाह्यतेच कोणती वस्तू हलते ते."

दुसऱ्या दिवशी जंगूबाबा बांबूच्या कामट्यांचा भारा घेऊन आला आणि फाटकाच्या उजव्या बाजूला जमिनीवर बसून तट्टा विणू लागला.

"तू कायले बसला बे इथं?"

"तुमी आमच्या पोट्ट्याईवर नजर ठेवता," तो म्हणाला, "तर म्या तुमच्यावर ठेवतो."

या सगळ्यात माझं भलं झालं होतं. गावातल्या दहाएक घरांनी आपली पोरं शाळेतून काढून कळंबच्या इंग्रजी शाळेत घातली. त्यांची ने-आण करायला मी एक जुनी व्हॅन घेतली. काकूचा नातू ओमही त्यात. भांडण गावाचं, पोट माझं भरत होतं. मला ते मनातून खात असे, पण मी कोणाला काय बोलणार? सकाळी पोरं कळंबला सोडून यायचो, साडेचारला आणायला जायचो. मधला सगळा वेळ माझी गाडी त्याच कडुनिंबाखाली. म्हणून हे मी पाहिलं.

काकूला आकडे लिहिता येत नव्हते, तर तिनं कमरेच्या पिशवीत अकरा चिंचोके ठेवले. पोडावरचं एक पोर फाटकातून आत गेलं की एक चिंचोका उजव्या खणातून डाव्या खणात. मधल्या सुट्टीत पुन्हा मोजणी. नावं तिला ठाऊक नव्हती, ती करूनही घ्यायची नव्हती. "हा बुटका आला. हा शेंबड्या. ही वेणीवाली." महिनाभरात असं झालं की एखादा चिंचोका उजव्या खणात राहिला तर तिला चैन पडेना.

"शेंबड्या नाई आला आज," ती झाडाकडे बघत म्हणायची.

"ताप हाय त्याले," उजवीकडून जंगूबाबा.

"मी तुले नाई इचारलं."

 शाळेतून पाढ्यांचा आवाज. मग काकूच, "कईपासून हाय ताप?"

दुसऱ्या दिवशी खुर्ची मांडायच्या आधीच, "उतरला का?" आणि तो उतरला म्हटल्यावर जणू तिचं काही हरवलं आहे अशा तोंडानं, "हूं. येऊ दे चोट्ट्याले."

रोज सकाळी उठून कोणाचा तरी राग करायचा, तेही एक कामच आहे. ते निंदणासारखं असतं, आज केलं तरी उद्या पुन्हा करावं लागतं. काकूचे गुडघे सुजले होते. घरी सून म्हणायची, बसा ना घरी. पण ती यायची. भादव्यापर्यंत 'जंग्या'चा 'जंगू' झाला होता, तोही रागानंच. जंगूबाबा मात्र तीन महिन्यांत एकदाही फाटकाच्या आत गेला नाही. "पोट्ट्याईसाठी फाटक उघडलं, माह्यासाठी नाई," म्हणायचा. त्याचीही अकड कमी नव्हती.

मग तो दिवस आला. मधली सुट्टी संपायला आली तरी काकूचा एक चिंचोका कमी पडत होता. तिनं दोनदा मोजले. जंगूबाबा त्या दिवशी पोडावर गेला होता, कोणाचा तरी खांदा बसवायला.

"वेणीवाली गेली," काकू म्हणाली आणि तिच्या चेहऱ्यावर तीन महिन्यांनी उजेड पडला. "गज्या, गाडी काढ. माह्या कपाशीत वाळकं लागली हायेत. आज सापडली पाह्य."

गाडी तिच्या वावराच्या वाटेला लावली. काकू काठी घेऊन पुढे, मी मागे. कपाशीत कोणी नव्हतं. वाळकं वेलावर तशीच. पलीकडे नाल्यावर मात्र ती पोरगी दिसली. मैना तिचं नाव, हे मला तेव्हाच कळलं. पाण्यात वाकून एका बाटलीत पाणी भरत होती.

काकूनं काठी उगारली आणि तशीच थांबली. ती बाटलीकडे बघत होती. मग गुडघे दुखणारी ती बाई अशी धावली की मला वाटलं पडते आता. मैनाच्या हातातली बाटली तिनं फटकन उडवली, एक थोबाडीत दिली आणि लगेच तिचं तोंड दोन्ही हातांनी धरून आपल्या नाकाजवळ नेलं. वास घेत होती.

"पेली का? याच्यातून पेली का तू? बोल ना वो माय!"

पोरगी रडत म्हणाली, "नाई. म्या वंजळीनं पेली. ते लहान्याईसाठी भरून राह्यली होती."

ती कपाशीवर फवारायच्या औषधाची बाटली होती. लेबल निघालेलं. धुऱ्यावर सापडली, पोरीनं दोनदा धुतली होती.

"शाळेत नाई का पाणी?" मी विचारलं.

"आमचा माठ सुकला. चार दिस झाले."

पोडावरच्या पोरांचा माठ वेगळा ठेवायला काकूनंच लावलं होतं. खिचडीवाली बाई मोठा माठ भरायची. लहान माठ पोडावरचे भरत असतील असं तिला वाटे, ती भरत असेल असं गुरुजींना वाटे. पोरांनी कोणाला सांगितलं नाही. काकू तीन महिने फाटकाकडे बघत होती, जंगूबाबा काकूकडे बघत होता. माठाकडे कोणी बघितलं नव्हतं.

शाळेत आल्यावर काकूनं अकराही पोरांना फाटकाशी उभं केलं आणि एकेकाचं तोंड धरून वास घेतला. एकेकाला तीन-तीन वेळा विचारलं, काल त्या बाटलीतून प्यायला का, परवा प्यायला का. सगळी नाही म्हणत होती, पण तिला धीर धरवेना. गावच्या नर्सबाईला मी फोन लावला. त्या म्हणाल्या, दिवस मावळेपर्यंत नजर ठेवा, कोणाला उलटी झाली, घाम सुटला, तर क्षणभर न थांबता कळंबच्या दवाखान्यात न्या. गाडी तयार ठेवा.

तेवढ्यात जंगूबाबा टेकडी उतरून आला. त्यानं पाहिलं ते एवढंच, की काकूनं त्याच्या नातीचा, मैनाचा जबडा धरला आहे.

"सोडा तिले!" तो ओरडला. त्याचा असा आवाज आम्ही कधी ऐकला नव्हता. कामटी तासायचा सुरा त्याच्या हातातच होता. "लेकराईवर हात टाकता? म्हतारा समजता मले?"

 काकूनं नाल्यावरून आणलेली बाटली उचलून त्याच्या पुढे धरली. त्यानं वास घेतला. सुरा खाली ठेवला आणि तो मटकन तिथेच बसला. उजवीकडे नाही, डावीकडे, तिच्या खुर्चीशी.

साडेचार वाजले. मी म्हटलं, "काकू, कळंबची पोरं आणाची हायेत."

"गाडी हलवजो नको."

"ओमपण हाय तिथं."

"हलवजो नको म्हटलं ना."

मी कळंबला फोन करून सांगितलं आणि थांबलो. गावातून बाप लोक मोटारसायकली घेऊन कळंबकडे गेले ते जाताना माझ्याकडे बघत गेले. आम्ही बसून राहिलो. पोरांना दुपारची उरलेली खिचडी दिली तर काकूनं आधी प्रत्येकाच्या कपाळाला हात लावून पाहिला. मग पोरं खेळायला लागली. त्यांना काय. या दोघांची नजर मात्र एकेका पोरावर, कोण खोकलं, कोण बसलं.

बऱ्याच वेळानं जंगूबाबानं विचारलं, "बाटली कोणाची?"

काकू पदराच्या टोकाला पीळ घालत होती. "माही," ती म्हणाली. "म्याच टाकली धुऱ्यावर. मातीत गाडाची होती. कटाळा केला."

मला वाटलं, आता हा माणूस काय करतो.  तो जमिनीवरच्या कामटीचे बारीक बारीक तुकडे करत राहिला. मग म्हणाला, "म्या एक डाव फाटकाच्या आत गेलो असतो, तर माठ दिसला असता. अकड केली."

"थकली मी, जंगूभाऊ," काकू म्हणाली. त्यानंतर ती भांडली नाही, हे मला फार विचित्र वाटलं.

दिवस मावळताना मोटारसायकली परत आल्या. काकूचा मुलगा पुढे. त्याच्या मागून एकजण ओरडला, "काकू, ह्या पोट्ट्याईसाठी आमची लेकरं रस्त्यावर उभी ठेवली तुमी!"

"तुह्यं लेकरू रस्त्यावर होतं," काकू खुर्चीवरूनच म्हणाली. "हे मसणात गेलं असतं."

कोणालाही उलटी झाली नाही. अंधार पडायच्या आत मी अकराही पोरांना माझ्या गाडीतून टेकडीच्या पायथ्याशी सोडलं. त्या गाडीत ती पहिल्यांदा बसली.

दुसऱ्या दिवशी सकाळी काकूनं लहान माठ उचलून खिचडीवालीच्या हाती दिला. "याच्यात झाड लाव एखादं. दोन दोन माठ भराचा कटाळा येते ना तुमाले? मंग एकच राहू द्या." मोठा माठ तिनं स्वतः भरला. मग माझ्या गाडीशी आली. पोरं बसली होती. ओम पुढच्या सीटवर, गळ्यात टाय.

"उतर."

"आजी, माहा टाय..."

"टाय घालून बस ना इथं. कोण नाई म्हणते?"

तिचा मुलगा घरातून धावत आला. "माय, लोक काय म्हणतीन?"

"तीन महिने डोळे फोडून बसली मी," ती म्हणाली. "एक पेन्सिल नाई हलली. मले लाज वाटून राह्यली, तुले नाई वाटत?"

पण एका ओमनं काही भागत नव्हतं. गुरुजींनी दिवाळीनंतर काकू आणि जंगूबाबाला बसवून सांगितलं, की गावातली पोरं अशीच कळंबला जात राहिली, तर पटावरचा आकडा पाहून ही शाळाही बंद होईल. मग पोडावरच्या पोरांना जंगलातून पलीकडच्या गावी चालत जावं लागेल. म्हणजे ती जाणार नाहीत. जंगूबाबा म्हणाला, "मंग झालं." काकू म्हणाली, "काही झालं नाई," आणि तिनं खुर्ची डोक्यावर घेतली.

दोघं घरोघर फिरली. ती पुढे, तो मागे. तिनं अंगणात खुर्ची मांडायची, त्यानं दाराशी उभं राहायचं. लोक तिला चहा आणायचे. "दोन कप आण," ती म्हणायची, "नाई तर एकबी नोको." काही घरी दोन कप आले. काही घरी एकही आला नाही, आणि ती तशीच उठून पुढच्या घरी गेली. एका घरी तिला स्पष्टच विचारलं, "काकू, तुमीच तं फाटकात बसल्या होत्या ना?" ती म्हणाली, "हो. मीच. म्हणून तं मीच आली." 

सगळे पाघळले असं मी म्हणत नाही. दोन घरं आजही तिच्याशी बोलत नाहीत. पण एकेक करत पोरं परत आली आणि जूनमध्ये माझ्या गाडीत दोनच उरली. दोन पोरांसाठी गाडी चालत नाही. ती विकायची ठरवली, त्याच्या आधीच काकू माझ्या घरी आली. खुर्ची न घेता आली, जमिनीवर बसली.

"गजू, तुह्या पोटावर पाय पडला माह्या," ती म्हणाली. "मले माहीत होतं, पडन म्हणून. तरी टाकला."

मी म्हटलं, "नाई वो काकू, तसं काही नाई."  आजवर कोणी मोठ्या माणसानं मला असं सांगितलं नव्हतं. तिचा भाचा या टाइल्सच्या कारखान्यात सुपरवायझर होता. तिनं तिथल्या तिथे मला त्याचा नंबर लावायला सांगितला आणि फोनवर एवढ्या मोठ्यानं बोलली, की गुजरातेत फोनशिवायही ऐकू गेलं असतं. "गाडी चांगली चालवते. थांबव म्हटलं की थांबवते." माझी एवढी एकच शिफारस तिनं केली.

तेव्हा शाळेपुढे एक नवीनच अडचण होती. पोरं वाढली आणि गुरुजी एकटेच. सगळे वर्ग एका खोलीत. दुसरा शिक्षक आला नाही तर परत आलेली पोरं पुन्हा कळंबला जातील, हे सगळ्यांना दिसत होतं. काकू आणि जंगूबाबा यवतमाळच्या ऑफिसात चकरा मारत होते. जंगूबाबाला वयामुळे एसटीचं तिकीट लागत नसे. "आधारवाल्यानं माह्यं वय वाढवून टाकलं," म्हणायचा. काकू म्हणायची, "आन् माह्यं अर्धंच. दोघं मिळून एकाचंबी पुरं तिकीट नाई, साहेब कायले ऐकन आपलं?" शेवटी ऐकलं, बऱ्याच महिन्यांनी. एक तरुण बाई आल्या. बहिणीची मुलगी आता त्यांच्या वर्गात आहे, मैनाच्या धाकट्या भावाशेजारी बसते. पण ते सगळं मी निघाल्यानंतरचं.

मी निघालो त्या दिवशी दुपारी कळंबच्या स्टँडवर बॅग घेऊन उभा होतो. पहिल्यांदाच एवढ्या लांब जात होतो, तिकीट खिशात आहे ना म्हणून पुन्हा पुन्हा हात लावत होतो. यवतमाळहून गाडी आली. खिडकीत जंगूबाबाचं पांढरं डोकं दिसलं, शेजारी काकू. निरोप घ्यावा म्हणून मी पटकन वर चढलो.

काकूनं तोंडावर बोट ठेवलं.

जंगूबाबा झोपला होता. मान लवंडून तिच्या खांद्यावर आली होती, तोंड थोडं उघडं. मांडीवर ऑफिसच्या कागदांची पिशवी. मी खुणेनंच विचारलं, झालं का काम? तिनं मान हलवली, नाही. मग ओठ हलवले, आवाज न काढता. सोमवारी बोलावलं.

"जातो, काकू," मी हळूच म्हटलं.

"जाजो. पोहोचला की फोन करजो." काकूचा एवढा बारीक आवाज मी कधी ऐकला नव्हता.

मागच्या सीटवर आमच्याच गावच्या दोन बाया बसल्या होत्या. त्या एकमेकींना कोपर लावून त्या खांद्याकडे बघत होत्या. काकूला ते माहीत होतं. कंडक्टरनं घंटी मारली, मी उतरलो. गाडी स्टँडबाहेर निघताना खड्ड्यात आपटली. खिडकीतून मला दिसलं, काकूनं पुढच्या सीटची दांडी दोन्ही हातांनी घट्ट धरली होती आणि दात आवळून ती ताठ बसली होती, खांदा हलू नये म्हणून.